ब्रेकची भुकटी

लासलगावचा कांदा मुंबईकडे निघाला की आधी सपाटीवर धावतो आणि मग एकदम उतरतो. विंचूर, निफाड, नाशिक, घोटी, इगतपुरी. इथवर ब्रेकची आठवण येते ती टोलनाक्यावर नाहीतर एखादी म्हैस आडवी आली तर. इगतपुरीपुढे मात्र कसाऱ्यापर्यंतच्या घाटात सुमारे तीनशे मीटरची उंची चाकांखालून निघून जाते. मालासकट पंचवीस टनांचा ट्रक तीनशे मीटर खाली आणायचा तर जी ऊर्जा कुठेतरी जिरवावी लागते, ती सव्वादोनशे लिटर पाणी उकळायला पुरेल एवढी असते. त्यातली काही इंजिन खातं, कारण शहाणा ड्रायव्हर घाट खालच्या गिअरमध्येच उतरतो. उरलेली जाते चाकाच्या आतल्या बोटभर जाडीच्या पट्टीत. तिला ट्रकवाले लायनर म्हणतात. घाट उतरून ट्रक ढाब्यावर उभे राहिले की जो करपट वास येतो तो तिचाच.

कारमध्ये डिस्क असेल तिथे याच पट्टीचं नाव पॅड. गाडीच्या किमतीच्या मानाने ती क्षुल्लक वस्तू आहे. झिजते, फेकली जाते, नवी लागते. झिजते म्हणजे तिची भुकटी होते, आणि ती भुकटी कुठेतरी जाते. ही पट्टी कशाची बनवायची, हा प्रश्न गेल्या सव्वाशे वर्षांत अनेकदा सोडवला गेला. एकदा तो फार चुकीचा सुटला. त्या चुकीचा एक पत्ता मुंबईतल्या घाटकोपरचा आहे.

बैलगाडीला हा प्रश्न नव्हता. उतारावर गाडी अंगावर येऊ लागली की बैल पाय रोवून जू मागे रेटतात, आणि ब्रेक लागतो तो त्यांच्या मानेवर. उतार फार असेल तर मागे ओंडका बांधून ओढत न्यायचा. वेगच कमी असल्यामुळे एवढं पुरायचं. वेग वाढला तो आगगाडीने. जी.आय.पी. रेल्वेचा इगतपुरीवरून नाशिककडे जाणारा मार्ग १८६१ सालीच सुरू झाला होता. थळ घाटातला कसारा-इगतपुरी टप्पा मात्र १ जानेवारी १८६५ रोजी खुला झाला. मधली चार वर्षं वरची रेल्वे खालच्या रेल्वेशी जोडलेलीच नव्हती. बोगदे आणि पूल हे त्यामागचं मोठं कारण होतंच, पण घाटाचा खरा धाक होता तो उताराचा. सदतीस फूट पुढे गेलं की एक फूट खाली, असा तो उतार आहे, आणि रेल्वेच्या हिशेबात हा भयंकर समजला जातो.

त्या काळच्या गाडीला प्रत्येक डब्याला जोडलेला ब्रेक नसायचा. इंजिनाला, आणि गार्डच्या व ब्रेक्समनच्या डब्यांना हाताने फिरवायची चाकं असत. इंजिनाची शिट्टी ऐकून ती करकचून आवळायची, की लाकडाचे ठोकळे लोखंडी चाकावर घासायचे. घाटात हे पुरणार नाही हे बांधणाऱ्यांनाही माहीत होतं. म्हणून त्यांनी ‘कॅच सायडिंग’ बांधल्या: मुख्य रुळापासून फुटून चढावर जाणारा एक आंधळा फाटा. सांधा एरवी या फाट्याकडेच लावलेला असायचा. वरून येणारी गाडी थांबून, आपण ताब्यात आहोत हे दाखवून देईल तेव्हाच सांधेवाला मुख्य मार्ग मोकळा करणार. नाहीतर गाडी आपोआप फाट्यावर चढून तिथेच दमणार. ब्रेकवर विश्वास नाही असं गृहीत धरून केलेली ही रचना मला त्या काळातली सर्वांत प्रामाणिक अभियांत्रिकी वाटते. पुढे निर्वात ब्रेक आले, मग हवेचे आले, लाकडी ठोकळ्यांची जागा बिडाच्या आणि नंतर मिश्र पदार्थांच्या ठोकळ्यांनी घेतली.

रस्त्यावरच्या मोटारीला हा सगळा शहाणपणा नव्याने शिकावा लागला. ऑगस्ट १८८८ मध्ये बेर्टा बेंझ नवऱ्याला न सांगता त्याने बनवलेली तीनचाकी मोटार घेऊन दोन मुलांसह मानहाइमहून माहेरी, फोर्झहाइमला निघाली. अंतर शंभर किलोमीटरच्या थोडं वर. वाटेत उतार लागले आणि मागच्या चाकांवर दाबले जाणारे लाकडी ठोकळे झिजून निकामी होऊ लागले. तिने एका गावात चांभाराला गाठलं आणि ठोकळ्यांवर चामडं ठोकून घेतलं. ब्रेक लायनिंगचा शोध म्हणून इतिहासात याच प्रसंगाचा दाखला देतात. बाईंनी शोध लावला, कारागिरी चांभाराची, आणि पेटंट नवऱ्याच्या नावावर, ही विभागणी आपल्याला अनोळखी नाही.

यातली एक गोष्ट नजरेतून सुटते: ठोकळे मागच्या चाकांना होते. आज मागचा ब्रेक दुय्यम मानला जातो. सुरुवातीला तो एकटाच होता. पुढची चाकं वळतात, त्यामुळे त्यांच्यापर्यंत दांडे आणि तारा नेणं कटकटीचं. शिवाय पुढची चाकं अडवली तर गाडी कोलांटी घेईल अशी भीती होती. फोर्डच्या ‘मॉडेल टी’ला १९२७ साली ती बंद होईपर्यंत पुढे ब्रेक नव्हताच. पायाचं पेडल गिअरबॉक्समधला पट्टा आवळायचं आणि हाताचा दांडा मागच्या चाकांचे ड्रम. १९२१ साली अमेरिकेत ड्यूसेनबर्गच्या मोटारीला चारही चाकांवर तेलाच्या दाबाने चालणारे ब्रेक आले, आणि दहाएक वर्षांत सगळ्यांच्या लक्षात आलं की आपण उलट्या टोकाला ब्रेक लावत होतो. ब्रेक लागला की गाडीचं वजन पुढे झुकतं, मागची चाकं हलकी होतात. हलक्या चाकाला जोरात अडवलं की ते जाम होऊन घसरतं, आणि मागचं चाक घसरलं की गाडी स्वतःभोवती फिरते. तेव्हापासून मोठं काम पुढच्या चाकांकडे आणि मागच्यांना बेताचं, अशी वाटणी झाली. ती जवळजवळ शतकभर टिकली.

आता पट्टीकडे येऊ. इंग्लंडातल्या डर्बीशरच्या डोंगराळ भागात हर्बर्ट फ्रूड नावाचा माणूस होता. घोडागाडीवाले उतारावर लाकडी ब्रेकच्या ठोकळ्याला जुन्या बुटाचा तुकडा ठोकतात हे त्याने पाहिलं, असं सांगतात. बेर्टाच्या चांभाराचीच युक्ती. बूट धरतो, पण लवकर जळतो. फ्रूडने १८९७ साली आपल्या शेडमध्ये प्रयोग सुरू केले आणि डांबर-राळेसारख्या पदार्थांत भिजवलेल्या कापसाच्या विणलेल्या पट्ट्या बनवल्या. घोडागाडीला त्या उत्तम चालल्या. मोटारीच्या वेगाला मात्र कापूस करपायचा. १९०८ च्या सुमारास त्याने कापसाच्या जागी अ‍ॅस्बेस्टॉस घातलं आणि प्रश्न सुटल्यासारखा वाटला. कंपनीचं नाव त्याने स्वतःचं आडनाव उलटंसुलटं करून ठेवलं. फ्रूडच्या इंग्रजी अक्षरांत बायको एलिझाबेथचं ‘ई’ मिसळलं की होतं ‘फेरोडो’.

अ‍ॅस्बेस्टॉस हा दगड आहे, पण कापसासारखा पिंजता येणारा, सूत काढून विणता येणारा. तो जळत नाही, उष्णता सहज पुढे जाऊ देत नाही, घासला तर धरतो आणि स्वस्त असतो. यंत्रयुगाला याहून सोयीचं खनिज मिळणं कठीण होतं. कॅनडातल्या क्वेबेक प्रांतात एका खाणीच्या गावाचं नावच ‘अ‍ॅस्बेस्टॉस’ होतं. (गावकऱ्यांनी २०२० साली मतदान करून ते बदललं. आता त्याला व्हाल-दे-सुर्स म्हणतात.) १९२० च्या दशकात फेरोडो ही कंपनी टर्नर अँड न्यूऑल या अ‍ॅस्बेस्टॉसच्या बलाढ्य उद्योगसमूहात सामील झाली.

याच समूहाच्या रॉचडेल इथल्या गिरणीत नेली करशॉ नावाची बाई अ‍ॅस्बेस्टॉसचं सूत कातायची. लहानपणापासून तेच काम. १९२४ साली, तेहतिसाव्या वर्षी ती वारली. डॉ. विल्यम कुक यांनी शवचिकित्सा केली तेव्हा फुप्फुसांत खनिजाचे कण आणि त्यांच्याभोवती जून झालेले व्रण सापडले. कुक यांनी ते वैद्यकीय नियतकालिकात छापलं आणि १९२७ साली या रोगाला ‘अ‍ॅस्बेस्टॉसिस’ हे नाव दिलं. गिरणीने भरपाई द्यायला नकार दिला. रोगाशी आपला संबंध नाही असं तिचं म्हणणं. सरकारने मात्र चौकशी लावली. मेरवेदर आणि प्राइस यांनी १९३० साली दिलेल्या अहवालात ३६३ कामगार तपासले होते आणि त्यांतल्या ९५ जणांच्या फुप्फुसांत हे व्रण होते. चौघांत एक, किंवा थोडं जास्तच. पुढच्याच वर्षी ब्रिटनने धूळ आवरण्याचे नियम केले. १९५५ साली रिचर्ड डॉल यांनी रॉचडेलच्याच कामगारांचा अभ्यास करून फुप्फुसाच्या कर्करोगाशी असलेला संबंध दाखवून दिला.

या वर्षांकडे नीट बघावं, कारण डॉल यांचा निबंध छापून आला त्याच्या दुसऱ्याच वर्षी, १९५६ मध्ये, मुंबईत ‘हिंदुस्तान फेरोडो’ सुरू झाली. कारखाना घाटकोपरला. ब्रेक लायनिंग, क्लचच्या चकत्या, अ‍ॅस्बेस्टॉसचं कापड आणि दोर हे तिथलं उत्पादन. मालकीची मुळं टर्नर अँड न्यूऑलमध्ये. तंत्र इंग्लंडहून आलं, खनिज आलं, नाव आलं. १९२४ ते १९५५ मध्ये इंग्लंडात जे कळलं होतं, ते मात्र त्या वेगाने आलं नाही. हे अज्ञानातून घडलं असं म्हणायला जागा उरत नाही.

देशाला तेव्हा लायनर हवेच होते. महिंद्रांनी १९४७ पासून मुंबईत जीप जुळवायला घेतल्या होत्या. ट्रक वाढत होते, एस.टी. गावोगाव पोचत होती. लासलगावची बाजार समितीही १९४७ चीच. कांद्याचा व्यापार एका जागी आला आणि त्याच्याभोवती वाहतूक उभी राहिली: बैलगाड्या, मग ट्रक, मग ट्रॅक्टर, मग पिकअप. अँबॅसेडर आणि प्रीमिअर पद्मिनी या दोन गाड्यांनी मध्यमवर्गाची तीस-चाळीस वर्षं चालवली. पद्मिनीला चारही चाकांना ड्रम, अँबॅसेडरलाही बहुतेक आयुष्यभर तेच. या सगळ्यांच्या ड्रममध्ये अ‍ॅस्बेस्टॉसचं लायनिंग होतं. दुसरं काही मिळतच नव्हतं.

अ‍ॅस्बेस्टॉसचा तंतू केसापेक्षा कितीतरी बारीक असतो. श्वासाबरोबर तो फुप्फुसाच्या टोकापर्यंत जातो. शरीरातल्या पेशी त्याला गिळायला जातात आणि स्वतःच मरतात, कारण दगड पचत नाही. तिथे व्रण धरतो. असे व्रण साचत जातात आणि फुप्फुस कातडी वाळावी तसं ताठ होतं. पहिली दहा-पंधरा वर्षं काहीच कळत नाही. नंतर जिना चढताना दम लागतो, कोरडा खोकला येतो. आपल्याकडे दम आणि खोकला म्हटलं की डॉक्टर टी.बी.चा विचार करतात, नाहीतर बिडी-तंबाखूला दोष देतात. कामगाराला कुणी विचारत नाही की बाबा, तू काम काय करतोस? माझ्या मते या सगळ्या कहाणीतला खरा दोषाचा धागा हा न विचारलेला प्रश्न आहे.

तो विचारणारे काही लोक निघाले. मुंबईत डॉ. व्ही. मुरलीधर आणि विजय कान्हेरे यांनी याच कारखान्यातल्या (तोवर त्याचं नाव ‘हिंदुस्तान कंपोझिट्स’ झालं होतं) पंधरा वर्षांहून जास्त नोकरी झालेल्या कामगारांची तपासणी केली. क्ष-किरण, फुप्फुसाच्या क्षमतेची चाचणी, आणि कामाचा सगळा पूर्वेतिहास. त्यांचा निबंध २००५ साली प्रसिद्ध झाला. तपासलेल्या १८१ कामगारांपैकी ४१ जणांना अ‍ॅस्बेस्टॉसिस होता, म्हणजे सुमारे २३ टक्के. देशात अ‍ॅस्बेस्टॉसशी संबंध येणारे कामगार लाखाच्या घरात आहेत, आणि भरपाई मिळालेले तीसही नाहीत, असं त्यांनी निबंधाच्या सुरुवातीलाच लिहिलं होतं. कारणंही आडपडदा न ठेवता दिली: डॉक्टरांना या रोगाचं शिक्षण नाही, काही जण जाणूनबुजून निदान चुकवतात, आणि मध्यमवर्गीय डॉक्टरांच्या मनात कामगाराविषयी अढी असते.

रॉचडेलच्या १९३० च्या अहवालात चौघांत एक. घाटकोपरच्या २००५ च्या निबंधात जवळपास चौघांत एक. मध्ये पंचाहत्तर वर्षं.

टर्नर अँड न्यूऑलचं पुढे काय झालं ते थोडक्यात: १९९८ साली फेडरल-मोगल या अमेरिकन कंपनीने ती विकत घेतली, आणि अ‍ॅस्बेस्टॉसच्या दाव्यांचं ओझं एवढं की २००१ साली फेडरल-मोगललाच दिवाळखोरीचा आसरा घ्यावा लागला.

कारखान्यातून लायनर बाहेर पडला तरी त्याची धूळ संपत नाही. तो गॅरेजात येतो. लासलगाव-विंचूर रस्त्यावर, नाशिकच्या द्वारका भागात, मनमाडला, कुठल्याही जुन्या ट्रक-गॅरेजात जुन्या लायनरचं काम कसं चालायचं ते त्या पिढीच्या मेस्त्रींना विचारा. ड्रम काढायचा, आत साठलेली काळी भुकटी तोंडाने फुंकायची किंवा हवेचा पाइप मारायचा. जुन्या शूवरचे रिव्हेट छिन्नीने तोडायचे, नवा लायनर ठोकायचा, आणि ड्रममध्ये नीट बसावा म्हणून त्याच्या कडा कानशीने घासायच्या. हे शेवटचं काम बहुधा पोऱ्याकडे.

इथे एक बारकावा आहे. ब्रेक मारताना पृष्ठभाग इतका तापतो की त्यातल्या अ‍ॅस्बेस्टॉसचा बराच भाग दुसऱ्याच, तंतू नसलेल्या खनिजात बदलतो. म्हणून ड्रममधल्या भुकटीत शाबूत तंतू वाटतात त्यापेक्षा कमी असतात. नवा लायनर कानशीने किंवा ग्राइंडरने घासताना मात्र ते जसेच्या तसे हवेत येतात. म्हणजे मेस्त्री जी धूळ घाण म्हणून टाळायचा ती तुलनेने कमी वाईट, आणि स्वच्छ, नवी, पांढुरकी धूळ जास्त. डोळ्यांना दिसणारी घाण आणि खरा धोका यांचा असा उलटा हिशेब असला की माणसं सावध राहायची कशी?

आता क्रॉसओव्हर. सातपूरच्या महिंद्रा कारखान्यातून फेब्रुवारी २०१९ मध्ये एक्सयूव्ही ३०० बाहेर पडली. सांगाडा कोरियाच्या सांगयाँग टिव्होलीचा, जन्म नाशिकचा. (२०२४ साली तिच्या जागी थ्री-एक्सओ आली, तीही इथलीच.) या आकाराच्या आणि किमतीच्या बहुतेक गाड्या तेव्हा पुढे डिस्क आणि मागे ड्रम देत होत्या, हिने चारही चाकांना डिस्क दिली. लासलगावच्या बाजारात आज व्यापाऱ्यांच्या आणि बऱ्या बागायतदारांच्या अशा गाड्या रांगेने उभ्या दिसतात. त्यांच्या बाजूला ट्रॅक्टरच्या ट्रॉल्या, आणि त्यांतल्या बऱ्याच ट्रॉल्यांना ब्रेक नावाची वस्तूच नसते. चार टन कांदा भरलेली ट्रॉली फक्त ट्रॅक्टरच्या मागच्या चाकांच्या भरवशावर थांबते. ब्रेकच्या इतिहासाचे तीन-चार टप्पे पाहायचे तर मोसमात लासलगावच्या आवारात सकाळी नऊला उभं राहावं, सगळे एका रांगेत मिळतात.

मागे डिस्क आली तसा मागच्या पॅडचा प्रश्नही आला. अनेकांना आश्चर्य वाटतं की पुढचे पॅड अजून अर्धे शिल्लक आहेत आणि मागचे संपले. याला कारण आहे. १ एप्रिल २०१९ पासून आपल्याकडे कारला ए.बी.एस. सक्तीचं झालं. त्याच्याबरोबर पुढच्या-मागच्या चाकांत जोर वाटून देणारी इलेक्ट्रॉनिक यंत्रणा असते. चाक जाम होतंय का हे ती क्षणाक्षणाला बघते, त्यामुळे जुन्या काळासारखं मागच्या चाकाला घाबरून फार थोडा जोर द्यावा लागत नाही. हलक्या ब्रेकिंगमध्ये तर ती मागच्यांना जास्त वापरते, म्हणजे गाडी नाक खाली घालत नाही. शिवाय मागचा पॅड मुळात पातळ आणि लहान, आणि पुढच्या चाकांनी उडवलेली माती नेमकी मागच्या डिस्कवर. आमच्याकडची काळी माती कोरडी झाली की पॉलिश कागदासारखी काम करते. शंभर वर्षांपूर्वी सगळं ओझं वाहणारा आणि मग बाजूला सारलेला मागचा ब्रेक असा पुन्हा कामाला लागला आहे.

मी क्रॉसओव्हरचे मागचे पॅड लासलगावातच बदलून घेतले. मेस्त्रीने समोर तीन खोकी ठेवली आणि म्हणाला, “भाऊ, कोणतं टाकू? कंपनीचं, मधलं, का स्वस्त?” फरक विचारला तर उत्तर किमतीतच मिळालं. खरा फरक पॅड कशाचा आहे त्यात असतो. ढोबळमानाने तीन जाती. पहिली सेंद्रिय: राळेत बांधलेले अरामिड, काच किंवा इतर तंतू आणि भरताड, आवाज कमी, डिस्कला सौम्य, पण तापल्यावर धार कमी होते आणि झिजते लवकर. दुसरी अर्धधातूची, तिच्यात पोलादाचा चुरा आणि तार. घाटात चांगली, थंडीत जराशी कुरकुरते, डिस्क जास्त खाते. तिसरी सिरॅमिक, धूळ कमी, आवाज नाही, महाग. गाडी ज्या जातीच्या पॅडवर बेतलेली आहे तीच मागेही ठेवावी हे बरं, कारण पुढे एक आणि मागे वेगळंच घातलं तर जोराची वाटणी बिघडते. हौसेने मागे जास्त धरणारे पॅड टाकणारे असतात. त्यांनी वर सांगितलेला घसरणाऱ्या मागच्या चाकाचा इतिहास आठवावा.

पॅडच्या कडेला बारीक अक्षरं छापलेली असतात. त्यांतली शेवटची दोन घर्षणाची: पहिलं अक्षर थंड असतानाचं, दुसरं तापल्यावरचं. ‘एफ’ म्हणजे घर्षणांक ०.३५ ते ०.४५, ‘जी’ म्हणजे ०.४५ ते ०.५५, ‘ई’ त्याहून खाली. ‘एफएफ’ असेल तर तापल्यावरही पॅड तितकाच धरतो. ‘एफई’ असेल तर घाटाच्या खालच्या टोकाला तो ढिला पडणार. स्वस्त खोक्यातल्या पॅडवर अक्षरंच नव्हती. अक्षरं नाहीत, बनवणाऱ्याचा पत्ता नाही, अ‍ॅस्बेस्टॉस आहे की नाही याबद्दल एक शब्द नाही. असा पॅड दोनशे रुपये वाचवायला घेणं मला परवडण्यासारखं वाटलं नाही, आणि माझ्यापेक्षा जास्त ते मेस्त्रीला परवडणारं नव्हतं, कारण तो पॅड मी एकदा बदलणार आणि तो रोज.

काम दीड तासाचं. चाक काढलं, कॅलिपरचे बोल्ट सोडले, जुने पॅड बाहेर. मागच्या कॅलिपरमध्ये एक गंमत असते: हँडब्रेकची केबल जिथे याच कॅलिपरला जोडलेली असते तिथे पिस्टन नुसता दाबून आत जात नाही, फिरवत आत न्यावा लागतो, त्यासाठी वेगळं हत्यार लागतं. बटणावर चालणारा पार्किंग ब्रेक असेल तर आधी गाडीला ‘सर्व्हिस मोड’मध्ये टाकावं लागतं, तसं न करता पिस्टन रेटला तर आतली मोटर जाते. पिस्टन आत गेला की ब्रेक ऑइलची पातळी वर चढते, म्हणून झाकण उघडून लक्ष ठेवायचं. सरकत्या पिनांना नवं ग्रीस, आणि पॅड नेहमी दोन्ही बाजूंचे एकत्र. सगळं बसल्यावर गाडी हलवायच्या आधी पेडल पंप करून कडक करायचं. पहिले शंभर-दोनशे किलोमीटर कचकन ब्रेक टाळायचे, म्हणजे पॅडचा आणि डिस्कचा पृष्ठभाग एकमेकांना ओळखतो.

या सगळ्यात मेस्त्रीने हवेचा पाइप उचलला तेव्हा मी हात धरला. “अहो भाऊ, आता त्यात काही नसतं,” तो म्हणाला. बऱ्याच अंशी खरं आहे. नावाजलेल्या कंपन्यांचे नवे पॅड अ‍ॅस्बेस्टॉसविरहित असतात. पण भुकटीत तांबं, अँटिमनी, लोखंड असतंच, आणि तेही फुप्फुसात जायच्या लायकीचं नाही. अमेरिकेतल्या कॅलिफोर्निया आणि वॉशिंग्टन या राज्यांनी पॅडमधलं तांबं अर्ध्या टक्क्याच्या खाली आणायचा कायदा केला, तो नद्यांतल्या माशांसाठी, कारण पावसाबरोबर ही भुकटी गटारातून नदीत जाते. अ‍ॅस्बेस्टॉसचे पॅड त्याच अमेरिकेत कायद्याने बंद व्हायला मार्च २०२४ उजाडला. कॅनडाने २०१८ साली बंदी घातली. आपल्याकडे खाणी थांबल्या आहेत. आयात आणि वापर चालू आहे, मुख्यतः छपराच्या पत्र्यांसाठी. मेस्त्रीने मग ओल्या फडक्याने पुसलं. त्याला पाच मिनिटं जास्त लागली.

आपल्याकडचा कायदा कुठे आहे हेही सांगायला हवं. अहमदाबादच्या ग्राहक शिक्षण व संशोधन केंद्राच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने २७ जानेवारी १९९५ रोजी निकाल दिला. कामगाराचं आरोग्य हा जगण्याच्या मूलभूत हक्काचाच भाग आहे, असं त्यात म्हटलं आहे. अ‍ॅस्बेस्टॉसच्या कारखान्यांनी कामगारांचा आरोग्यविमा उतरवावा, आणि रोग सिद्ध झालेल्याला एक लाख रुपये द्यावेत, असा आदेश आहे. आणखी एक आदेश आहे, ज्याच्याकडे फारसं कुणी लक्ष देत नाही: प्रत्येक कामगाराच्या आरोग्याची नोंद नोकरी लागल्यापासून किमान चाळीस वर्षं, किंवा नोकरी संपल्यानंतर पंधरा वर्षं, यांतलं जे नंतर येईल तोवर जपून ठेवायची. रोग उशिरा दिसतो हे न्यायालयाला समजलं होतं. निकालाच्या वर्षी भरती झालेल्या कामगाराची ती फाइल निदान २०३५ पर्यंत कुठल्यातरी कपाटात असायला हवी. गॅरेजमधल्या पोऱ्यासाठी अशी फाइल उघडायची तरतूद त्या निकालात नाही, कारण त्याचं नाव कुठल्याच हजेरीपटावर नसतं.